गरोदरपणातलं आणि नवजात बाळाचं इन्फेक्शन: कोणती टेस्ट काय सांगते? संपूर्ण माहिती मराठीत



आपण इथे एरवी मोबाइल, अ‍ॅप आणि घरातली उपकरणं कशी चालतात ते सोप्या भाषेत समजून घेतो. आजचा विषय जरा वेगळा आहे, पण आहे टेक्नॉलॉजीचाच. गरोदर बाई आणि नवजात बाळ यांना इन्फेक्शन झालंय की नाही हे कसं ओळखतात, त्या टेस्ट आतून कशा चालतात, आणि कोणत्या रिपोर्टवर किती भरवसा ठेवायचा, हे आज बघूया.

हा लेख लिहायला कारणही तसंच घडलं. माझी धाकटी बहीण पहिल्या बाळंतपणाला माहेरी, नगर जिल्ह्यातल्या आमच्या गावी आली होती. बाळ येणार म्हणून मी हौसेने कपाळासमोर धरायची थर्मामीटर गन घेऊन दिली होती. बाळ सात दिवसांचं झालं त्या सकाळी ते शांत पडून होतं, दूधही कमी ओढत होतं. आई म्हणाली, "किती गुणी आहे, रडतसुद्धा नाही." मी दोनदा गन लावली. दोन्ही वेळा ३६.४ आलं. मी सगळ्यांना सांगितलं, टेम्परेचर नॉर्मल आहे, काळजी करू नका.

दुपारी आशाताई ठरलेल्या भेटीला आल्या. त्यांनी बाळाच्या काखेत साधा डिजिटल थर्मामीटर लावला. ३५.२ आलं. मग मिनिटभर श्वास मोजले. ६६ भरले. परत मोजले, ६४. त्यांनी आमच्याशी वाद घातला नाही, सरळ ॲम्ब्युलन्सला फोन लावला. बाळाला रक्तात जंतुसंसर्ग झाला होता. चौदा दिवस दवाखान्यात काढून ते घरी आलं, आज छान आहे. पण माझं महागडं मशीन चुकलं आणि त्यांचा साधा थर्मामीटर बरोबर निघाला, हे असं का, ते शोधताना मी जे शिकलो ते इथे लिहितोय.

एक गोष्ट आधीच स्पष्ट करतो. मी डॉक्टर नाही. हा लेख टेस्ट समजून घेण्यासाठी आहे, औषध ठरवण्यासाठी नाही.

आधी हे वाचा: धोक्याची लक्षणं

घाईत असाल तर एवढाच भाग वाचा. दोन महिन्यांच्या आतल्या बाळात खालीलपैकी एकही लक्षण दिसलं तर घरी टेस्ट करत बसू नका, लगेच दवाखाना गाठा.

• दूध नीट ओढत नाही किंवा ओढणं बंद केलंय
• झटके येतात
• बाळ शांत असताना मिनिटाला ६० किंवा जास्त श्वास
• श्वास घेताना छाती खालून खोल आत ओढली जाते
• काखेतलं तापमान ३७.५ अंश सेल्सिअस किंवा जास्त
• काखेतलं तापमान ३५.५ अंशांपेक्षा कमी
• हलवल्याशिवाय हालचाल करत नाही, किंवा अजिबातच करत नाही

जागतिक आरोग्य संघटना गंभीर संसर्गाच्या शक्यतेसाठी हीच लक्षणं बघायला सांगते. यातलं सहावं लक्षण लोक विसरतात. मोठ्या माणसाला इन्फेक्शन झालं की ताप येतो. नवजात बाळ मात्र कित्येकदा गार पडतं.

गरोदरपणात ताप, लघवीला जळजळ, कमरेच्या वर एका बाजूला दुखणं, घाण वासाचं पाणी जाणं, कळा नसताना पाणमोट फुटणं किंवा बाळाची हालचाल कमी वाटणं, यातलं काहीही झालं तर त्याच दिवशी दाखवा. बाळंतपणानंतर ४२ दिवसांपर्यंत ताप, ओटीपोटात दुखणं आणि अंगावरून जाणाऱ्या स्रावाला घाण वास, हेही तितकंच गंभीर. "बाळंतिणीला थोडा ताप असतोच" असं म्हणून घरी थांबू नका.

संसर्ग बाळापर्यंत पोचतो कसा?

तीन रस्ते आहेत, आणि कोणती टेस्ट कधी करायची ते या रस्त्यांवरूनच ठरतं.

१) पोटात असताना: आईच्या रक्तातले जंतू वारेतून बाळाकडे जातात. उदाहरणार्थ सिफिलिस, रुबेला, टॉक्सोप्लाझ्मा, सीएमव्ही, झिका. यासाठी टेस्ट गरोदरपणात, जितक्या लवकर तितकं चांगलं.

२) जन्माच्या वेळी: जन्ममार्गातून किंवा आईच्या रक्तातून. हिपॅटायटिस बी आणि एचआयव्हीची लागण मोठ्या प्रमाणात याच वेळी होते. ई. कोलाय आणि ग्रुप बी स्ट्रेप्टोकॉकस हे जीवाणूही इथलेच.

३) जन्मानंतर: हात, नाळ, बाटली, दवाखान्यातली नळी, गर्दी. माझ्या भाच्याला संसर्ग बहुधा याच रस्त्याने झाला.

गरोदरपणातल्या टेस्ट

लघवीची पट्टी आणि लघवीचं कल्चर

गरोदरपणात लघवीचा मार्ग थोडा सैल पडतो, लघवी साचून राहते आणि जंतू वाढतात. गंमत म्हणजे बऱ्याच जणींना काहीच त्रास होत नाही. जळजळ नाही, ताप नाही. पण उपचार केले नाहीत तर हेच जंतू किडनीपर्यंत चढू शकतात, आणि कळा लवकर सुरू होण्याचा धोका वाढतो. म्हणून त्रास नसला तरी लघवी तपासतात.

रंग बदलणाऱ्या पट्टीवर छोटे चौकोन असतात. त्यातले दोन इथे कामाचे. एक नायट्राइटचा. लघवीत नायट्रेट असतंच, काही जीवाणू त्याचं नायट्राइट करतात आणि चौकोन गुलाबी होतो. दुसरा चौकोन पांढऱ्या पेशींमधलं एक एन्झाइम ओळखतो, म्हणजे शरीर कुणाशी तरी लढतंय एवढं कळतं.

आता मर्यादा. नायट्रेटचं नायट्राइट व्हायला साधारण चार तास लागतात, म्हणून सकाळची पहिली लघवी चांगली. शिवाय सगळे जीवाणू हे काम करत नाहीत. म्हणजे पट्टी निगेटिव्ह आली तरी इन्फेक्शन असू शकतं.

पक्कं उत्तर कल्चर देतं. लघवीचा थेंब जंतूंना आवडणाऱ्या जेलीवर पसरून एक-दोन दिवस उबेत ठेवतात. वाढलेल्या ठिपक्यांवरून एका मिलीलिटरला किती जंतू होते ते मोजतात. एकाच प्रकारचे एक लाख किंवा जास्त असतील तर ते खरं इन्फेक्शन धरतात. तीन-चार प्रकारचे थोडे थोडे वाढले तर बहुतेक वेळा नमुना घेताना बाहेरची घाण मिसळलेली असते. म्हणून आधी स्वच्छ धुवायचं, पहिली धार सोडून द्यायची आणि मधली धार बाटलीत घ्यायची.

रॅपिड कार्ड: एचआयव्ही, सिफिलिस, हिपॅटायटिस बी, मलेरिया

कोविडच्या काळात घरी वापरलेलं कार्ड आठवतंय? हे तेच तंत्र. कार्डाच्या आत कागदासारखी पट्टी असते. रक्ताचा थेंब टाकला की तो द्रावणाबरोबर पुढे सरकतो. वाटेत सोन्याचे अतिसूक्ष्म कण असतात, हो, खरंच सोनं, आणि ते लाल दिसतात. रक्तात शोधायची गोष्ट असेल तर ती या कणांना चिकटते आणि टेस्टच्या रेषेवर अडकते. कण जमा झाले की रेष उमटते.

दोन नियम पक्के लक्षात ठेवा. कंट्रोलची रेष आलीच नाही तर टेस्ट बाद, दुसऱ्या कार्डावर परत करायची. आणि पाकिटावर दिलेल्या वेळेतच बघायचं. तासाभराने उमटलेल्या पुसट रेषेला अर्थ नसतो.

प्रत्येक कार्ड वेगळी गोष्ट शोधतं, हे समजलं की रिपोर्ट कळतो.

• हिपॅटायटिस बीचं कार्ड विषाणूच्या वरच्या आवरणाचा तुकडा शोधतं. पॉझिटिव्ह म्हणजे विषाणू आत्ता अंगात आहे.
• मलेरियाचं कार्ड परजीवीची प्रथिनं शोधतं. मात्र त्यातलं एक प्रथिन उपचारानंतरही काही आठवडे रक्तात राहतं, त्यामुळे "औषध घेऊनही पॉझिटिव्ह" असं दिसू शकतं.
• सिफिलिसचं कार्ड अँटिबॉडी शोधतं. पूर्वी होऊन पूर्ण बरा झालेला आजारही हे कार्ड आयुष्यभर दाखवू शकतं. आजार आत्ता चालू आहे का हे बघायला आरपीआर नावाची दुसरी टेस्ट करतात.
• एचआयव्हीचं कार्डही मुख्यतः अँटिबॉडीच शोधतं. एक कार्ड पॉझिटिव्ह आलं म्हणून निदान होत नाही, वेगवेगळ्या कार्डांवर खात्री करतात. सरकारी आयसीटीसी केंद्रात हे मोफत आणि गोपनीय असतं.

या टेस्टना लाजायचं काहीच कारण नाही, कारण वेळेत कळलं तर बाळ वाचवता येतं. सिफिलिसवर बेन्झाथिन पेनिसिलिनचं इंजेक्शन आहे, ते बाळंतपणाच्या किमान महिनाभर आधी मिळायला हवं. एचआयव्हीमध्ये काहीच केलं नाही तर बाळाला लागण व्हायची शक्यता १५ ते ४५ टक्के असते. आईने नियमित औषध घेतलं आणि बाळालाही दिलं तर ती ५ टक्क्यांच्या खाली येते. हिपॅटायटिस बीची लागण जन्माच्या वेळी झाली तर सुमारे ९० टक्के बाळांत तो आजार कायमचा राहतो. म्हणून पहिली लस २४ तासांच्या आत, आणि आई पॉझिटिव्ह असेल तर सोबत तयार अँटिबॉडीचं इंजेक्शनही.

टॉर्च टेस्ट: सर्वात जास्त घाबरवणारा रिपोर्ट

बहिणीला पाचव्या महिन्यात हा रिपोर्ट आला. रुबेला आयजीजी पॉझिटिव्ह, सीएमव्ही आयजीजी पॉझिटिव्ह, पुढे जाड अक्षरात आकडे. घरात रडारड. मी रात्री दोन वाजेपर्यंत मोबाइलवर शोधत बसलो आणि जे सापडलं त्याने आणखीच घाबरलो. सकाळी डॉक्टरबाईंनी रिपोर्ट बघितला आणि म्हणाल्या, ही तर चांगली बातमी आहे.

ते कसं, बघा. जंतू पहिल्यांदा अंगात शिरला की शरीर घाईघाईने आयजीएम नावाच्या अँटिबॉडी बनवतं. काही दिवसांनी आयजीजी येतात, त्या जास्त नेमक्या असतात आणि वर्षानुवर्षं टिकतात. पोलीस ठाण्याची उपमा घ्या. आयजीएम म्हणजे आत्ता धावत निघालेली गाडी, आयजीजी म्हणजे जुन्या गुन्हेगाराचा फोटो लावलेला फलक. फलक आहे याचा अर्थ चोर आत्ता घरात आहे असा होत नाही.

• आयजीजी पॉझिटिव्ह, आयजीएम निगेटिव्ह: जुना संसर्ग किंवा लस. रुबेलाच्या बाबतीत हे संरक्षण आहे.
• दोन्ही निगेटिव्ह: आजवर संसर्ग नाही, म्हणजे जपायला हवं. रुबेलाची लस गरोदरपणात देत नाहीत, कारण ती जिवंत पण दुबळी केलेली असते. बाळंतपणानंतर घ्यायची.
• आयजीएम पॉझिटिव्ह: नुकता संसर्ग असू शकतो, पण खात्री नाही. आयजीएम काही जणींत महिनोन्‌महिने राहतं, कधी चुकूनही पॉझिटिव्ह येतं.

शेवटच्या प्रकारात एव्हिडिटी टेस्ट मदत करते. नवीन आयजीजी जंतूला सैल चिकटतं, जुनं घट्ट. चिकटण्याची ताकद मोजली की संसर्ग गेल्या तीन-चार महिन्यांतला की आधीचा याचा अंदाज येतो. घट्ट असेल आणि गरोदरपणाचे सुरुवातीचे महिने असतील तर संसर्ग दिवस राहण्याआधीचा, चिंता बरीच कमी.

म्हणून काही कारण नसताना सगळ्यांची सरसकट टॉर्च टेस्ट करायची गरज नसते. सोनोग्राफीत काही वेगळं दिसलं, अंगावर पुरळ आणि ताप आला, किंवा रुबेलाच्या रुग्णाशी संपर्क आला, अशा वेळी नेमकी टेस्ट करावी. आणि फक्त आयजीएमच्या एका रिपोर्टवरून गर्भपाताचा निर्णय कधीही घेऊ नये.

झिका आणि पावसाळा

२०२४ च्या पावसाळ्यात पुण्यात झिकाचे रुग्ण सापडले, त्यात गर्भवतीही होत्या. झिका दिवसा चावणाऱ्या एडिस डासांमुळे होतो, डेंगीचाच डास. मोठ्यांना साधा ताप आणि पुरळ, पण पोटातल्या बाळाच्या मेंदूची वाढ थांबू शकते. रक्त आणि लघवीची पीसीआर टेस्ट करतात, म्हणजे विषाणूचा आनुवंशिक मजकूर शोधून त्याच्या लाखो प्रती काढतात, तेव्हा अगदी थोडा विषाणूही सापडतो. पण तो अंगात असेपर्यंतच. म्हणून तापाच्या पहिल्या काही दिवसांतच नमुना द्यायचा. पुढे सोनोग्राफीने बाळाच्या डोक्याच्या वाढीवर लक्ष ठेवतात.

बाळंतपणाच्या वेळी

पाणमोट ही बाळाभोवतीची भिंत. ती फुटून १८ तासांपेक्षा जास्त वेळ गेला की जंतू वर चढून बाळाला संसर्ग व्हायचा धोका वाढतो. म्हणून पाणी कधी गेलं ती वेळ मोबाइलमध्ये लिहून ठेवा. डॉक्टर पहिला प्रश्न हाच विचारतात आणि घाईत कुणालाच आठवत नाही.

अमेरिकेत राहणाऱ्या वाचकांना ३६-३७ आठवड्यांना ग्रुप बी स्ट्रेपची स्वॅब टेस्ट सांगतात. पॉझिटिव्ह आली तर कळा सुरू असताना सलाइनमधून पेनिसिलिन देतात. आपल्याकडे ही टेस्ट सरसकट करत नाहीत. आपल्या दवाखान्यांत नवजात बाळांच्या रक्तात क्लेबसिएला, ॲसिनेटोबॅक्टर, ई. कोलाय असे जीवाणू जास्त सापडतात, आणि त्यातले बरेच नेहमीच्या औषधांना दाद देत नाहीत.

नवजात बाळाच्या टेस्ट

थर्मामीटर: माझी गन का चुकली?

गन शरीरातून निघणारे इन्फ्रारेड किरण मोजते, म्हणजे फक्त कपाळाच्या वरच्या त्वचेचं तापमान. त्यावरून आतलं तापमान किती असावं याचा हिशोब आतली चिप करते. बाळाच्या डोक्यावरची टोपी आत्ताच काढली असेल, खोली गरम असेल, अंतर चुकलं असेल, तर हिशोब चुकतो. त्या दिवशी मी टोपी काढून लगेच गन धरली होती.

काखेतला डिजिटल थर्मामीटर मात्र त्वचेला चिकटून, हाताखाली झाकलेला राहतो. त्याचं टोक तापलं की त्याचा विद्युत रोध बदलतो आणि तो आकडा बनतो. नवजात बाळाचं योग्य तापमान ३६.५ ते ३७.५ अंश. टोक काखेच्या मधोमध, हात अंगाशी धरून, बीप होईपर्यंत थांबायचं. बस.

श्वास मोजणं: गडचिरोलीचं मण्यांचं यंत्र

या लेखातली माझी सर्वात आवडती टेक्नॉलॉजी ही. गडचिरोलीत डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांनी १९८६ मध्ये 'सर्च' ही संस्था सुरू केली. बाळांचा न्यूमोनिया ओळखायला श्वास मोजायचे, पण गावातल्या सुइणींना साठपर्यंत मोजता येत नव्हतं. मग त्यांनी एक साधं यंत्र बनवलं. त्यात मिनिटभर चालणारं वाळूचं घड्याळ आणि पाटीसारख्या चौकटीत ओवलेले मणी. दर दहा श्वासांना एक मणी सरकवायचा. वाळू संपायच्या आत लाल मण्यापर्यंत पोचलात तर न्यूमोनिया. बॅटरी नाही, आकडे नाहीत.

पुढे त्यांनी गावातल्याच बायकांना नवजात बाळाची घरी काळजी घ्यायला शिकवलं, जंतुसंसर्ग ओळखून अँटिबायोटिक द्यायलासुद्धा. १९९९ मध्ये 'लॅन्सेट'मध्ये आलेल्या अभ्यासात या गावांतला नवजात मृत्युदर तुलनेच्या गावांपेक्षा सुमारे ६२ टक्क्यांनी कमी झाला. संसर्ग झालेल्या बाळांतलं मृत्यूचं प्रमाण १६.६ वरून २.८ टक्क्यांवर आलं. हीच कल्पना पुढे देशभर आशा कार्यकर्त्यांच्या घरभेटींमध्ये आली. दवाखान्यात जन्म झाला असेल तर ३, ७, १४, २१, २८ आणि ४२ व्या दिवशी भेट. घरी जन्म झाला असेल तर पहिल्या दिवशीही. आमच्याकडे आलेली भेट सातव्या दिवसाची होती.

तुम्हीही मोजू शकता. बाळ शांत असताना, दूध पीत नसताना, पोट उघडं करून पूर्ण एक मिनिट मोजा. पंधरा सेकंद मोजून चारने गुणू नका, कारण नवजात बाळाचा श्वास मध्येच थांबतो, मध्येच भरभर चालतो. ६० किंवा जास्त आले तर परत एकदा मोजा. दुसऱ्यांदाही तेच आलं तर निघा.

बोटाला लावायचा ऑक्सिमीटर घरात असेल तर बाळावर वापरू नका. तो मोठ्या माणसाच्या बोटासाठी आहे. दवाखान्यात बाळाच्या तळव्याला गुंडाळायची वेगळी पट्टी असते.

सीआरपी: वेळेचा खेळ

संसर्ग झाला की लिव्हर सीआरपी नावाचं प्रथिन बनवतं. लिटरला १० मिलिग्रॅमच्या वर गेलं की संशय घेतात. पण ते वाढायलाच सहा ते बारा तास लागतात. भाच्याचं पहिलं सीआरपी ४ आलं. मी लगेच म्हणालो, मग घरी न्यायचं का? डॉक्टरांनी समजावलं की रिपोर्ट नॉर्मल आहे, बाळ नॉर्मल नाही, आणि आम्ही बाळावर उपचार करतो. दुसऱ्या दिवशी तेच सीआरपी ३८ होतं.

उलटही होतं. अवघड बाळंतपणानंतर संसर्ग नसतानाही सीआरपी वाढतं. म्हणून एकच आकडा बघायचा नाही, २४ तासांनी परत करून चढतोय की उतरतोय ते बघायचं.

ब्लड कल्चर: उशिरा येणारा, पण पक्का साक्षीदार

साधारण एक मिलीलिटर रक्त पौष्टिक द्रावणाच्या बाटलीत घालून मशीनमध्ये ठेवतात. जंतू वाढले की कार्बन डायऑक्साइड सोडतात, बाटलीच्या तळाचा सेन्सर त्याने बदलतो, आणि मशीन दर काही मिनिटांनी तो सेन्सर वाचत राहतं. खरा संसर्ग असेल तर बहुतेक वेळा एक ते दोन दिवसांत इशारा मिळतो.

नातेवाईक म्हणून दोन गोष्टी समजून घ्या. एक, हे रक्त अँटिबायोटिकच्या पहिल्या डोसच्या आधी घ्यायला हवं, नाहीतर जंतू दबतात आणि रिपोर्ट खोटा निगेटिव्ह येतो. दोन, "इतक्याशा बाळाचं किती रक्त काढता" असं म्हणून अडवू नका. रक्त कमी पडलं तर जंतू सापडत नाहीत.

यानंतर कोणतं औषध चालेल त्याचा तक्ता येतो. एस म्हणजे चालेल, आर म्हणजे जंतू दाद देणार नाही. भाच्याच्या रक्तात क्लेबसिएला निघाला. सुरुवातीच्या औषधापुढे आर होता, म्हणून तिसऱ्या दिवशी औषध बदललं. कल्चर केलंच नसतं तर न चालणारं औषध आणखी किती दिवस चाललं असतं, हा विचार अजूनही नकोसा वाटतो.

मेंदूच्या आवरणापर्यंत संसर्ग गेलाय का हे बघायला पाठीतलं पाणी काढतात. आपल्याकडे याची फार भीती आहे. सुई कमरेच्या खालच्या भागात, मज्जारज्जू संपल्यानंतरच्या जागेत जाते. या टेस्टवर औषध किती दिवस द्यायचं ते ठरतं. मेंदूज्वर असेल तर साधारण तीन आठवडे. म्हणून सही करायला नकार देण्याआधी डॉक्टरांना शांतपणे विचारा.

उपचार: थोडक्यात

• आजारी बाळात रिपोर्टची वाट बघत नाहीत. कल्चर घेऊन लगेच, बहुधा ॲम्पिसिलिन आणि जेन्टामायसिन, शिरेतून सुरू करतात. डोस वजनावर ठरतो.
• बाळ सुधारलं आणि कल्चर दोन दिवसांत निगेटिव्ह आलं तर डॉक्टर औषध थांबवू शकतात. ते बरोबरच आहे, त्याला निष्काळजीपणा समजू नका.
• गरोदरपणात दुकानातून सांगून अँटिबायोटिक घेऊ नका. डॉक्सिसायक्लिनसारखी काही औषधं बाळाच्या हाडांना आणि दातांना त्रास देतात. उलट डॉक्टरांनी दिलेला कोर्स "बाळाला बाधेल" म्हणून अर्धा सोडू नका.
• नाळ कोरडी ठेवा. हळद, तेल, राख, पावडर काही नाही.
• बाळाला घेण्याआधी साबणाने हात. पाहुण्यांनीही.
• पहिलं घट्ट पिवळसर दूध टाकू नका, त्यात तयार अँटिबॉडी असतात.
• दवाखान्यात नेताना बाळ आईच्या छातीशी, त्वचेला त्वचा लावून, वरून पांघरूण. गार पडलेल्या बाळासाठी हा सर्वात सोपा हीटर.

सरकारी सोयी ज्या माहीत हव्यात

जननी शिशु सुरक्षा कार्यक्रमात सरकारी दवाखान्यात बाळंतपण, सिझेरियन, औषधं, तपासण्या आणि आजारी बाळाचे उपचार मोफत आहेत, गाडीसकट. १०२ किंवा १०८ ला फोन करा. जिल्हा रुग्णालयात नवजात बाळांसाठी एसएनसीयू हा खास कक्ष असतो. दर महिन्याच्या ९ तारखेला प्रधानमंत्री सुरक्षित मातृत्व अभियानात गर्भवतींची मोफत तपासणी होते.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

आई एचआयव्ही पॉझिटिव्ह आहे आणि बाळाचं कार्डही पॉझिटिव्ह आलं. बाळाला लागण झाली का?
या कार्डावरून सांगता येत नाही. आईच्या आयजीजी अँटिबॉडी वारेतून बाळात जातात आणि १८ महिन्यांपर्यंत राहू शकतात. कार्डाला त्या आईच्या की बाळाच्या हे कळत नाही. म्हणून साधारण सहा आठवड्यांना टाचेतून रक्ताचे थेंब कागदावर घेऊन पीसीआर करतात. ती थेट विषाणू शोधते.

मग बाळाच्या रक्तात आयजीएम सापडलं तर?
आयजीएमचा रेणू मोठा असतो, तो वार ओलांडत नाही. म्हणजे ते बाळाने स्वतः बनवलंय, पोटात असताना संसर्ग झाल्याची शक्यता मोठी.

सीएमव्हीची टेस्ट बाळाची कधी करायची?
लघवी किंवा लाळेची पीसीआर जन्मानंतर तीन आठवड्यांच्या आत. नंतर पॉझिटिव्ह आली तर संसर्ग पोटातला की बाहेरचा हे ओळखता येत नाही.

इन्फेक्शन असताना आईने दूध पाजावं का?
बहुतेक वेळा हो. लघवीचं इन्फेक्शन, साधा ताप, हिपॅटायटिस बी (बाळाला लस दिली असेल तर), सगळ्यात पाजता येतं. एचआयव्हीमध्ये औषध चालू ठेवून डॉक्टरांच्या सल्ल्याने ठरवा.

शेवटी एवढंच

मित्रांनो, टेस्ट खोटं बोलत नाही, पण ती फक्त तिला विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर देते. गनला मी कपाळाचं तापमान विचारलं आणि उत्तर बाळाच्या तब्येतीचं समजलो. चूक तिथे झाली.

ती गन आता आमच्याकडे दूध किती कोमट झालंय ते बघायला वापरतात. बाळासाठी काखेतला साधा थर्मामीटर कपाटात वरच ठेवलाय, आणि भिंतीवर आशाताईंचा नंबर मोठ्या अक्षरात लिहिलाय. तुमच्याही घरात बाळ येणार असेल तर या दोन गोष्टी आधी करून ठेवा, आणि वरची सात लक्षणं घरातल्या सगळ्यांना, विशेषतः आजीला, वाचून दाखवा. "गुणी बाळ" आणि "आजारी बाळ" यातला फरक ओळखायला घरात एक तरी माणूस तयार हवा.

काळजी घ्या. पुन्हा भेटू नवीन विषयासोबत.